अस्तरातलं नाव

काइनुमांच्या घराच्या दारात मी गेली सात वर्षं बूट सांभाळतो आहे. त्याआधी याच गावात अडतीस वर्षं पोस्टमन होतो. आधी मी लोकांच्या दारात जायचो, आता लोक माझ्या दारात येतात, एवढाच फरक. पाहुणे पायरीवर बसून बूट काढतात, मी ते उचलून फडताळात ठेवतो. आतली फेरी संपत आली की शेवटच्या पडवीच्या फळ्या वाजतात. तो आवाज ऐकला की बूट खाली काढायचे आणि टोकं बाहेरच्या बाजूला करून ओळीने मांडायचे, म्हणजे पाहुण्याने पाय घालावा आणि चालू लागावं. हे काम सोपं आहे असं ज्याला वाटत असेल त्याने शाळेची सहल आली की माझ्या जागी उभं राहून दाखवावं.

पण मला सांगायचंय ते ओकाबे हिसानोबद्दल. हिसानोबाईंनी एकतीस वर्षं लोकांना हे घर दाखवलं. काइनुमा म्हणजे करडईचे व्यापारी. यांच्या होड्या करडईच्या फुलांची लाली घेऊन नदीने खाली समुद्राला जायच्या आणि तिथून क्योतोला. तिकडच्या बायकांच्या ओठांवर जो लाल रंग होता तो आमच्या चिखलातून गेलेला, असं हिसानोबाई पहिल्याच खोलीत सांगायच्या, आणि पाहुणे आपल्या पायांकडे बघायचे. पुढे धंदा बुडाला, माणसं पांगली आणि घर नगरपालिकेकडे आलं. बारा खोल्या, दोन कोठारं, एक बाग आणि दारात मी.

फेऱ्या दोन तऱ्हेच्या. एक सगळ्यांची, पाऊण तासाची. दुसरी खासगी. त्यात एकच पाहुणा किंवा एकच कुटुंब, दोन तास, आणि शेवटी बागेकडच्या खोलीत चहा. खासगी फेरी असली की हिसानोबाई आदल्या दिवशी फोन करून पाहुण्याला विचारायच्या, गुडघे कसे आहेत, थंडी सोसते का, घरात नुकतं कोणी गेलेलं नाही ना. एखाद्याच्या घरी सुतक असेल तर त्या नव्या नवरीच्या खोलीत फार वेळ थांबायच्या नाहीत. हे त्यांना कोणी शिकवलं नव्हतं.

शिकवण्यावरून आठवलं. हिसानोबाईंची शाळा नऊ वर्षांची. पंधराव्या वर्षी, आमच्याकडची पोरं गाडी भरभरून तोक्योला कामाला जायची त्या काळात, त्याही गेल्या. तिथे कोटांच्या कारखान्यात आठ वर्षं फक्त अस्तरं शिवली. बाह्या नाहीत, खिसे नाहीत, फक्त अस्तरं. मग परत येऊन एका सुताराशी लग्न केलं, तो दारं-खिडक्यांच्या कागदी चौकटी करायचा. तो लवकर गेला. त्याने केलेल्या चौकटी याच घरात आहेत, म्हणून बाई इथे झाडलोट करायला लागल्या. कागद फाटला की स्वतः चिकटवायच्या, दुसऱ्या कोणाला हात लावू द्यायच्या नाहीत.

तेव्हा घर दाखवायचे ते त्सुचिदा हेडमास्तर. निवृत्त झाले होते, पण छडी मनातून गेली नव्हती. एकदा ते आजारी पडले आणि आलेल्या पाहुण्यांना परत कसं पाठवायचं म्हणून फडकं बाजूला ठेवून हिसानोबाईंनीच फेरी घेतली. लोकांना आवडली. पुढच्या आठवड्यात हेडमास्तर बरे होऊन आले आणि म्हणाले, "करा की माझ्यासमोर, मीही ऐकतो." बाईंनी एका पाटीवरचं जुनं गावाचं नाव चुकीचं वाचलं. हेडमास्तर पाहुण्यांदेखत हसले.

"अस्तरं शिवणारीला अक्षरं कुठून येणार?" असं म्हणाले ते.

आमची लिपी लबाड आहे. अक्षर एक असतं आणि त्याचे उच्चार चार. कुठे कोणता लावायचा ते ज्याचं त्याला ठाऊक, आणि माणसाच्या नावात तर आईबाप म्हणतील तो उच्चार खरा. मी पोस्टात होतो, मला विचारा. नदीपलीकडच्या एका म्हाताऱ्याला मी बावीस वर्षं एका नावाने हाक मारली, तो बावीस वर्षं "हो, आलो" म्हणून बाहेर आला. तो वारला तेव्हा भिक्षूने त्याचं खरं नाव वाचलं आणि मी मागे बसून घामाघूम झालो. त्याच्या बायकोला विचारलं तर म्हणाली, "तुम्ही पावसापाण्यातून यायचात, त्यात आणखी चूक कुठे काढायची, असं म्हणायचे ते." आमची माणसं ही अशी.

तर त्या हसण्यानंतर हिसानोबाईंनी एक वही केली. या घरातलं प्रत्येक अक्षर त्यात उतरवलं, पाट्या, पेट्या, पडदे, थडगी, काही सोडलं नाही. प्रत्येकाच्या शेजारी बारीक अक्षरांत उच्चार लिहिला. जो माहीत नाही तो हेडमास्तरांनाच विचारून लिहिला, तेही मान खाली घालून. पुढे हेडमास्तर गेले, फेऱ्या बाईंकडे आल्या, आणि त्या दिवसानंतर एक शब्द त्यांच्या तोंडून चुकला नाही. प्राध्यापक येऊन गेले, क्योतोचे रंगारी येऊन गेले, कोणालाही बोट दाखवायला जागा मिळाली नाही. हा त्यांचा ताठा होता. मी चेष्टा करायचो, अर्थात नावाला मानाचं 'सान' जोडूनच.

"हिसानो-सान, जरा एखादी चूक करा. माणसात या."

"तुमचा खोकला आहे ना फेरीत, तेवढी चूक पुरे."

त्या वर्षी त्यांचे गुडघे फारच कुरकुरायला लागले. कोठाराचा जिना चढताना एका पायरीवर दोन पाय ठेवायच्या. बर्फ पडायला लागला की काम सोडणार असं त्यांनी कळवलं, आणि नगरपालिकेने ठरवलं की कानात घालायची यंत्रं आणायची, त्यांत फेरी हिसानोबाईंच्याच आवाजात. पाहुण्याने यंत्र कानाला लावायचं आणि आपलं आपण फिरायचं. ध्वनिमुद्रणाचा दिवस ठरला नोव्हेंबरातला दुसरा सोमवार, सोमवारी घर बंद असतं म्हणून.

"म्हणजे मी गेले तरी बोलतच राहणार," बाई म्हणाल्या.

"तशाही तुम्ही कधी थांबलात?" मी म्हटलं.

त्या हसल्या. खूश होत्या. नऊ वर्षं शाळा शिकलेल्या बाईचा आवाज त्या भिंतींत कायमचा राहणार होता. मलाही बरं वाटलं होतं. मी ते त्यांना सांगितलं नाही, एवढंच.

त्या सोमवारच्या आधीच्या गुरुवारी एक खासगी फेरी होती. पाहुणी एकटीच, साठीची, नाव कायानो नोरिए, कोबेहून आलेली. बूट काळे, साधे, दोनदा तळ बदललेले आणि त्याच सकाळी पुसलेले. मी उचलायच्या आधी तिने वाकून स्वतःच फिरवून ठेवले. असं माणूस दिवसाला एखादंच येतं. मी मनातल्या मनात तिला पैकीच्या पैकी गुण दिले.

घर लाकडाचं आणि भिंती कागदाच्या, त्यामुळे आत काय बोलतात ते मला दारात बसून ऐकू येतं. एकतीस वर्षांची ती फेरी मला तोंडपाठ होती. करडईचं फूल पिवळं, त्यात लाल शंभरात एक वाटा. काटे टोचू नयेत म्हणून दव असताना पहाटे खुडायचं. पिवळा सगळा धुऊन गेला की लाल उरतो. मग बागेकडची खोली. तिथे हिसानोबाई गुडघ्यावर बसून कागदाचं वेष्टण उघडायच्या. आत एक किमोनो, बाहेरून उंदराच्या रंगाचा, अगदी साधा. बघणाऱ्याला वाटावं, एवढ्यासाठी इथवर आणलं? मग त्या दोन बोटांनी त्याचा काठ उलटायच्या आणि आतलं लालभडक अस्तर दिसायचं. पाहुण्यांचा श्वास मला दारापर्यंत ऐकू यायचा.

"या अस्तराच्या रेशमाला मोमि म्हणतात," त्या सांगायच्या. "करडईच्या रंगात चोळून चोळून रंगवलेलं. बाहेरून दिसत नाही, पण थंडीत पाठीला ऊब देतं. मी स्वतः आठ वर्षं अस्तरं शिवली आहेत, म्हणून सांगते, टाके बघा. आणि हा किमोनो या घरच्या धाकट्या मुलीचा, बेनि-सामांचा. वेष्टणावर त्यांच्या आईने एकच अक्षर लिहिलं आहे, 'लाल' या अर्थाचं. बेनि म्हणजे ओठांना लावतात तो लाल. घरच्या धंद्याचंच नाव मुलीला दिलं. एकोणिसाव्या वर्षी त्या लग्न होऊन गेल्या आणि पुन्हा या घरी आल्या नाहीत. हा मात्र राहिला."

त्या गुरुवारीही हे सगळं झालं. मग पाहुणी म्हणाली, "फार छान नाव आहे."

चहा झाला. पडवीच्या फळ्या वाजल्या, मी बूट मांडले. हिसानोबाई पाहुणीला निरोप देऊन पेले आवरायला मागे वळल्या. पाहुणी पायरीवर बसली, एक बूट घातला आणि दुसरा तसाच हातात धरून बसली.

"ती माझी आजी," ती हळूच म्हणाली.

"कोण?"

"किमोनोवाली."

मी उठून आत हाक मारणार, तेवढ्यात तिने माझी बाही धरली. "नको. तिचं नाव बेनि नव्हतं. अक्षर तेच, पण वाचायचं मोमि. माझे पणजोबा म्हणाले होते म्हणे, ओठांवरचा लाल सगळ्या गावाला दिसतो, माझ्या मुलीचं नाव आतलं असू दे, ऊब देणारं. आजी मला हे पाठीवर हात फिरवत सांगायची. इथे यायचं, यायचं म्हणत राहिली आणि राहूनच गेलं."

"मग सांगितलं का नाहीत त्यांना?"

"कसं सांगू?" तिचे डोळे भरून आले होते. "त्या इतक्या मायेने बोलत होत्या. तो काठ त्यांनी असा उलटला, जसं झोपलेल्या पोराचं पांघरूण बघतात. माझ्या आजीबद्दल इतकी वर्षं कोणीतरी रोज बोलतंय, हेच मला माहीत नव्हतं. राहू दे बेनि. तुम्हीही सांगू नका हं. शब्द द्या."

मी शब्द दिला. आता ती पाहुणी, वर रडवेली, मी दुसरं काय करणार? ती कमरेत वाकून नमस्कार करून गेली आणि माझ्या गळ्यात हे लोढणं अडकवून गेली.

शुक्रवार मी असाच काढला. सांगावं तर शब्द मोडतो. न सांगावं तर सोमवारी ती चूक यंत्रात जाते आणि हिसानोबाईंच्या आवाजात कायमची बसते. ज्या बाईने एका हसण्यापायी एकतीस वर्षं वही सांभाळली तिच्याच तोंडून, तिच्या मागे, रोज, प्रत्येक पाहुण्याच्या कानात. आणि सांगावं तर एकतीस वर्षांची फेरी त्यांच्या हातातून पडणार, तीही शेवटच्या दिवसांत. इकडे आड, तिकडे विहीर. घरी अळकुड्यांचा रस्सा केला होता, तोही गेला नाही.

शनिवारी संध्याकाळी घर बंद करताना मी एक कागद घेतला. त्यावर ते एक अक्षर काढलं, 'लाल', आणि शेजारी बारीक अक्षरांत उच्चार लिहिला, मोमि, जसा त्या वहीत लिहितात तसा. खाली वडिलांनी ते नाव का ठेवलं ते एका ओळीत लिहिलं. घडी केली आणि हिसानोबाईंच्या उजव्या बुटात ठेवली.

त्या आल्या, पायरीवर बसल्या, बुटात पाय घातला आणि थांबल्या. घडी काढली, उघडली. चष्मा लावून पुन्हा वाचली.

"हे काय?"

"पत्र आहे."

"शिराहाता-सान, मस्करी नको. कोण म्हणालं?"

"गुरुवारची पाहुणी. किमोनोवालीची नात ती."

त्यांच्या तोंडावरचा रंग उतरला. त्यांनी कागदाची घडी पुन्हा घातली. "गुरुवारी," म्हणाल्या. "तिच्या तोंडावर. पाच वेळा बेनि म्हणते मी त्या खोलीत."

"सहा," मी म्हणालो, आणि जीभ चावली.

"आणि तुम्ही दोन दिवस गप्प बसलात?"

"तिने शब्द घेतला होता, सांगू नका म्हणून."

"आणि तरी सांगितलंत."

"सांगितलं नाही. लिहिलं."

एरवी त्या हसल्या असत्या. मी म्हटलं, "हे बघा, तो उच्चार तुमचा नाहीच. वहीत बेनि कोणी लिहायला सांगितलं? त्सुचिदा हेडमास्तरांनी. चूक त्यांची."

"त्यांनी एकदा सांगितलं," त्या म्हणाल्या. "तोंड एकतीस वर्षं माझं होतं. काठ उलटून मीच सांगायचे, याला मोमि म्हणतात. हातात धरलं होतं आणि वाचलं नाही. आठ वर्षं अस्तरं शिवली मी, शिराहाता-सान. हे दुसऱ्या कोणाला नाही तर मला तरी कळायला हवं होतं."

रोज निघताना त्या "दमलात हं, या आता" म्हणायच्या, आमच्यात एकमेकांना म्हणायची रीतच आहे ती. त्या दिवशी न म्हणताच गेल्या.

रविवारी त्या आल्या नाहीत. एकतीस वर्षांत पहिल्यांदा. दोन फेऱ्या होत्या. मी पाहुण्यांना सांगितलं की बाईंना बरं नाही, आणि नुसतेच फिरून या म्हणून आत सोडलं. पाहुणे दहा मिनिटांत बाहेर आले. एकजण म्हणाला, "रिकाम्याच खोल्या आहेत की." मला त्याचे बूट उलटे मांडावेसे वाटले. संध्याकाळी घरी गेलो, दार उघडून "आलो" म्हणालो. बायको जाऊन नऊ वर्षं झाली, पण घरात शिरताना "आलो" म्हणायचं आणि आतल्याने "आलात?" म्हणायचं ही सवय काही जात नाही. मी माझा अर्धा भाग म्हणतो आणि चप्पल काढतो. त्या रात्री वाटलं, मी नुसता कागद नाही ठेवला हिसानोबाईंच्या बुटात, काटा ठेवला.

सोमवारी नगरपालिकेचे ओइकावा साहेब यंत्र घेऊन आले. पन्नाशीचा माणूस, बारमाही सर्दी. येताच त्यांनी भिंतीवरचं घड्याळ थांबवलं आणि मला म्हणाले, "खोकायचं नाही."

"तुमच्या नाकाचं काय?" मी विचारलं.

साहेबांच्या मनगटावर नऊ वाजले, सव्वानऊ झाले. ओइकावा साहेब नाक पुसत दाराकडे बघत होते, मी तर केव्हापासून बघत होतो. मग फाटकाशी खडी वाजली. हिसानोबाई आल्या, खासगी फेरीचा राखी किमोनो नेसून, हातात वही. बूट काढून माझ्याकडे दिले. एरवी स्वतःच ठेवायच्या.

"आधी एक सांगायचंय," त्या ओइकावा साहेबांना म्हणाल्या आणि सगळं सांगितलं, काही न लपवता.

साहेब म्हणाले, "मग सोपं आहे. बेनिच्या जागी मोमि म्हणा. संपलं."

"आणि आजवर जे ऐकून गेले ते?"

"ते काय परत ऐकायला येणार आहेत? झाकली मूठ सव्वा लाखाची, ओकाबे-सान. कशाला उघडता? तुमचंच नाव खराब."

"त्या पाहुणीने माझ्यासाठी मूठ झाकली," हिसानोबाई म्हणाल्या, "तेवढी पुरे. आता मीही झाकली तर या घरच्या मुलीला तिचं नाव कोण देणार? माझ्या मनाप्रमाणे बोलू द्यायचं नसेल तर यंत्रात दुसऱ्या कोणाचा आवाज घाला. मी घरी जाते."

ओइकावा साहेबांनी माझ्याकडे पाहिलं. मी छताकडे पाहिलं. त्यांनी नाक पुसलं आणि म्हणाले, "लांबेल ना पण थोडं. बरं. बघू."

मग त्या खोली-खोलीतून चालत बोलत गेल्या, साहेब यंत्र धरून मागे, आणि मी साहेबांच्या मागे, तोंडात खडीसाखर धरून. करडई, दव, काटे, होड्या, सगळं नेहमीसारखं. आवाजात जरासुद्धा कंप नाही. बागेकडच्या खोलीत त्या गुडघे सावरत सावकाश खाली बसल्या. वेष्टण उघडल्याचा आवाज झाला. काठ उलटला. मोमि म्हणतात, टाके बघा, इथवर आल्या आणि थांबल्या.

किती वेळ थांबल्या कोण जाणे, घड्याळ बंद होतं. साहेबांनी हात वर केला, मी तो धरून खाली केला.

"वेष्टणावर या मुलीच्या आईने एक अक्षर लिहिलं आहे," हिसानोबाई म्हणाल्या. "मी ओकाबे हिसानो. ते मी एकतीस वर्षं चुकीचं वाचलं. ज्यांना ज्यांना मी हे घर दाखवलं त्या सगळ्यांना मी चुकीचं नाव देऊन पाठवलं आहे. ते बेनि नाही. मोमि आहे. वडिलांनी ठेवलेलं नाव, आतलं, ऊब देणारं. मोमि-सामा, तुमच्याच घरात तुम्हाला मी परक्या नावाने हाक मारत राहिले. तुम्ही ओ तरी कशी देणार? माफ करा." चटईला कपाळ टेकल्याचा बारीक आवाज आला. मग त्या उठून बसल्या आणि दाराकडे बघून, स्वयंपाकघरातून म्हणावं तसं साध्या आवाजात म्हणाल्या, "मोमि-सामा, आलात?"

ओइकावा साहेब नाक पुसायला लागले. सर्दीच असणार.

महिन्याभरात बर्फ पडला आणि हिसानोबाईंनी काम सोडलं. म्हणजे कागदावर सोडलं. बर्फ वितळल्यापासून आठवड्यातून तीनदा त्या माझ्या शेजारी पायरीवर येऊन बसायला लागल्या, माझ्या चहावर आणि माझ्या बूट मांडण्याच्या पद्धतीवर टीका करायला. मी पाहुण्यांच्या वहीतून पत्ता काढून कोबेला पत्र टाकलं होतं, की शब्द मोडला, माफी असावी, आणि एकदा येऊन ऐकून जा. पोस्टमनला पत्ता बघायला लाज कसली?

जुलैत, करडई फुलली तेव्हा, नोरिएबाई आल्या. तेच बूट, तळ आता तिसऱ्यांदा बदललेले. हिसानोबाई पायरीवर घेवड्याच्या शेंगा सोलत होत्या. त्यांना बघून शेंगा सांडत उठायला गेल्या, पण गुडघ्यांनी ऐकलं नाही. बसल्या बसल्याच डोकं पार टेकवलं. नोरिएबाईंनीही टेकवलं. दोघींपैकी आधी कोण उठणार, कळेना. शेवटी मीच यंत्र पुढे केलं.

"आत जाऊन या. नंतर वाका हवं तितकं."

त्या यंत्र कानाला लावून आत गेल्या. हिसानोबाई शेंगा सोलायच्या थांबल्या होत्या. आत एक सहलही होती, चारपाच जण. त्यांची कुजबुज येत होती. आणि मग बागेकडच्या खोलीतून एक हाक आली, मोठी, स्वच्छ, सगळ्या कागदी भिंतींतून थेट दारापर्यंत.

"आले."

कुजबुज थांबली. हिसानोबाईंनी डोळे मिटून घेतले आणि दोन्ही हातांनी तोंड झाकलं.

पडवीच्या फळ्या वाजल्या. मी सवयीने बूट काढले आणि टोकं बाहेर करून मांडले. नोरिएबाई आल्या, डोळे लाल, यंत्र छातीशी धरलेलं.

"सगळे माझ्याकडे बघायला लागले," त्या म्हणाल्या. "पण त्या 'आलात?' म्हणाल्या, मग उत्तर नको का द्यायला? आजीला येता आलं नाही. कोणीतरी म्हणायला हवं होतं."

हिसानोबाईंनी नुसतं शेंगांचं टोपलं सरकवून शेजारी जागा केली. नोरिएबाई तिथे बसल्या आणि एक शेंग उचलून सोलायला लागल्या. मी त्यांचे मांडलेले बूट उचलले आणि परत फडताळात नेऊन ठेवले.